गोठ्याच्या आढ्यावरील घुमटी

आषाढांत चार दिवसांची झड लागलेली असतांना पहाटे धारेच्या वेळीं गोठ्याचें दार उघडलें म्हणजे काय अनुभव येतो, हें आमच्या वाचकांस सांगावयास नको. आंतून ऊन, दमट हवा तोंडावर येते, डोळे चुरचुरतात, आणि पत्र्याच्या खालच्या अंगास लोंबणारे थेंब मानेवर पडतात. आपण डोळे पुसतों, धारा काढतों आणि बाहेर पडतों. गाय मात्र रात्रभर त्याच हवेंत बांधलेली असते. वासराचें नाक तर जमिनीपासून दीड-दोन हातांवर, म्हणजे मुताच्या वाफेच्या अगदीं जवळ असतें. दार उघडतांच आपणांस जें एक क्षणभर सोसवत नाहीं, तें त्यानें सारी रात्र सोसलेलें असतें.

सहा वर्षांपूर्वीं एकाच पावसाळ्यांत आमच्या गोठ्यांतील दोन वासरें फुप्फुसाच्या दाहानें गेलीं. पशुवैद्य दोन वेळां आले, त्यांनीं औषधोपचार केले, परंतु दुसऱ्या खेपेस जातांना त्यांनीं छपराकडे बोट दाखवून विचारलें, "ही हवा बाहेर कोठून जाते?" आम्हांस उत्तर देतां आलें नाहीं. थंडीवाऱ्याच्या भीतीनें आम्हीं भिंती छपरापर्यंत नेल्या होत्या, आणि वळचणीच्या फटीही गोणपाटानें बुजविल्या होत्या. त्या प्रश्नाचें उत्तर म्हणून आम्हीं आढ्यावर घुमटी बसविली. पहिल्या वर्षीं ती चुकीची बसविली, दुसऱ्या वर्षीं सुधारून घेतली. या दोन्ही अनुभवांवरून आणि या विषयाच्या सर्वमान्य नियमांवरून पुढील माहिती दिली आहे.

घुमटी म्हणजे काय

आमची घुमटी चढत असतांना शेजारचे एक वृद्ध गृहस्थ रस्त्यावर थांबून म्हणाले, "अहो, गोठ्यावर देऊळ बांधतां कीं काय?" शब्द खरोखरच देवळाची आठवण करून देणारा आहे, पण येथें अभिप्रेत असलेली वस्तु फार साधी आहे. आढ्यावर बसविलेली एक चौकोनी पेटी, तिच्या चारी अंगांस तिरप्या फळ्यांच्या झिलमिल्या, आणि माथ्यावर पाणी उडविणारी टोपी, इतकाच तिचा पसारा. तिचा तळ मोकळा असतो व तो गोठ्यांत उघडतो.

कल्पना आपणांस परकी नाहीं. धाब्याच्या घरांत माळवदास साणें ठेवतात, त्यांतून उजेड आंत येतो व धूर बाहेर जातो. चुलीवरचें धुराडें आणि जुन्या वाड्यांतील उघडा चौक हीं त्याच कुळांतलीं. फरक इतकाच कीं, माणसांच्या घरास आपण साणें ठेवलें आणि जनावरांच्या घरास ठेवावयाचें विसरलों.

अमेरिकेंत एकोणिसाव्या शतकांत गोठ्यांवर व गवताच्या कोठारांवर अशा घुमट्या सर्रास दिसूं लागल्या. तेथें खालीं गाई आणि वरच्या माळ्यावर वाळलेलें गवत, अशी एकाच छपराखालीं व्यवस्था असे. गवत पुरतें न वाळतां भरलें गेलें, तर तें आंतल्या आंत तापतें, बुरसतें, आणि कधीं कधीं आपोआप पेट घेतें. ती ऊब व वाफ वरून निघून जावी, हा घुमटीचा मुख्य हेतु होता. पुढें विस्कॉन्सिन विद्यापीठांत शेतकीविषयक पदार्थविज्ञान शिकविणारे फ्रँकलिन हायरम किंग (१८४८–१९११) यांनीं या विषयाची शास्त्रशुद्ध मांडणी केली, आणि १९०८ सालीं घरें, खेड्यांतील शाळा व तबेले यांच्या वायुवीजनावर स्वतंत्र पुस्तक प्रसिद्ध केलें.

किंग यांची पद्धति मात्र आपण जशीच्या तशी उचलूं नये. त्यांच्या देशांत हिंवाळ्यांत बर्फ पडतें. म्हणून गोठ्यांतील ऊब राखून केवळ खराब हवा बाहेर काढावी, असा त्यांचा प्रयत्न होता. त्यासाठीं ते जमिनीलगतची थंड, दूषित हवा उंच नळांतून छपराबाहेर नेत, आणि बाहेरची ताजी हवा तक्तपोशीजवळ आंत सोडीत. आपणांस ऊब राखावयाची नाहीं. ऊब व दमटपणा या दोहोंपासून सुटका हवी आहे. म्हणून आपल्याकडे हवा खालून घ्यावी व अगदीं माथ्यावरून सोडावी, हाच नियम योग्य होय. तत्त्व एकच, देशमानाप्रमाणें वापर निराळा.

हवा वर कां जाते

हवा तापली म्हणजे फुगते व हलकी होते. आपल्या हवामानांत उष्णता एका अंशानें वाढली, तर हवा सुमारें तीनशेव्या हिश्श्यानें हलकी होते. गोठ्यांतील हवा बाहेरच्यापेक्षां तीन अंशांनीं ऊन असेल, तर तिच्या वजनांत शेंकडा एकाचा फरक पडतो. हा फरक क्षुल्लक वाटेल. पण छपराखालीं साऱ्या हवेचा लोट याच फरकानें वर ढकलला जात असतो. शिवाय पाण्याची वाफ व मुतापासून सुटणारा अमोनिया वायु हे दोन्ही कोरड्या हवेहून हलके आहेत. वर वाट मिळाली, तर हें सारें मिश्रण आपण होऊन निघून जातें. वाट न मिळाली, तर थंड पत्र्यास लागून त्याचें पाणी होतें व तें जनावरांच्या अंगावर परत येतें.

हें पाणी येतें तरी किती? एक मोठी दुभती गाय श्वासावाटे व कातडीवाटे दिवसाकांठीं सुमारें दहा ते पंधरा लिटर पाणी वाफेच्या रूपानें हवेंत सोडते. सात गाईंच्या गोठ्यांत तें सत्तर ते शंभर लिटर होतें, म्हणजे दोनशे लिटरच्या पिंपांतील जवळजवळ निम्में पाणी. शेण, मूत व धुतलेली फरशी यांची वाफ यांत धरलेली नाहीं. रोज अर्धें पिंप पाणी छपराखालीं शिंपडून दारें लावून घेणारा शेतकरी आपण वेडा ठरवूं. पण बंद गोठ्यांत घडतें तें हेंच.

दोन गोष्टी येथें ध्यानांत ठेवाव्या. पहिली अशी कीं, हवेचा ओघ भोंकाच्या क्षेत्रफळाच्या प्रमाणांत वाढतो. भोंक दुप्पट केलें तर ओघ दुप्पट. परंतु उंचीच्या बाबतींत तसें नाहीं. खालची वाट व वरची वाट यांमधील अंतर चौपट करावें तेव्हां ओघ दुप्पट होतो. म्हणून घुमटी विनाकारण उंच करण्यापेक्षां तिचा गळा रुंद ठेवणें फायद्याचें. दुसरी गोष्ट अशी कीं, जितकी हवा बाहेर जावी असें वाटतें, तितकी आंत येण्यास वाट हवी. तोंड दाबलेल्या घागरीच्या बुडास भोंक पाडलें, तरी पाणी वाहत नाहीं. आमची पहिल्या वर्षींची पहिली चूक हीच होती. घुमटी बसविली, पण वळचणीचें गोणपाट तसेंच राहूं दिलें. घुमटी दिसावयास छान होती आणि काम कांहीं करीत नव्हती.

घुमटी कोणास हवी, कोणास नको

ज्यांचा गोठा दोन-तीन बाजूंनीं उघडा आहे, किंवा ज्यांनीं मुक्त गोठ्याची पद्धति घेतली आहे, त्यांना घुमटीची फारशी जरूर नाहीं. वारा तें काम करतोच. धाब्याच्या सपाट छपरास घुमटी नव्हे, साणेंच योग्य. ज्यांचा गोठा चोरामुळें, बिबट्यामुळें किंवा घाटमाथ्यावरील पावसामुळें चारी बाजूंनीं बंद ठेवावा लागतो, त्यांना मात्र घुमटी म्हणजे चैन नसून गरज आहे.

गोठा साठ-सत्तर फुटांहून लांब असेल, तर एका घुमटीनें भागणार नाहीं. टोंकांकडील हवा तिच्यापर्यंत पोहोंचत नाहीं. तेथें दोन घुमट्या तरी कराव्या, किंवा आढ्याच्या सर्व लांबीभर फट ठेवून तिच्यावर उचललेलें लहान दुपाखी छप्पर करावें. बाजारांत मिळणारे, वाऱ्यानें फिरणारे पत्र्याचे पंखेही चांगलें काम देतात व त्यांस वीज लागत नाहीं. परंतु दोन फूट व्यासाच्या एका पंख्याचा गळा सुमारें तीन चौरस फुटांचा असतो. म्हणजे खालीं सांगितलेल्या एका घुमटीच्या जागीं असे तीन पंखे लागतील, हें विकत घेतांना विसरूं नये.

माप कसें ठरवावें

उदाहरणासाठीं तीस फूट लांब व सोळा फूट रुंद असा, एका ओळींत सात गाई बांधण्याचा गोठा घेऊं. भिंती आठ फूट, आणि आढें जमिनीपासून बारा फुटांवर.

आढ्यावरील फटीचा रूढ नियम असा आहे कीं, गोठ्याच्या दर दहा फूट रुंदीस दोन इंच फट सर्व लांबीभर असावी. सोळा फुटांस सुमारें सव्वातीन इंच होतात. तीस फूट लांबीस तें क्षेत्रफळ आठ चौरस फुटांच्या वर येतें. तीन फूट बाय तीन फूट गळ्याची घुमटी नऊ चौरस फूट देते, म्हणजे हिशेब जुळतो. सुतारांचा दुसरा एक ठोकताळा आहे: आढ्याच्या दर फुटास एक ते दीड इंच या प्रमाणानें घुमटीची रुंदी धरावी. तीस फुटांस तीस ते पंचेचाळीस इंच. आपली छत्तीस इंचांची घुमटी त्यांतही बसते. दिसण्याच्या दृष्टीनें व कामाच्या दृष्टीनें येथें एकच उत्तर येतें, ही समाधानाची गोष्ट होय.

आंत येणाऱ्या हवेसाठींही निदान नऊ चौरस फूट वाट हवी. दोन्ही लांब भिंतींची मिळून साठ फूट वळचण आहे. तिच्याखालीं दोन इंचांची सलग फट ठेवली, तर दहा चौरस फूट मिळतात. हें किमान माप झालें. वारा अजिबात पडलेला असतांना व आंतबाहेर तीन अंशांचाच फरक असतांना एवढ्या व्यवस्थेनें गोठ्यांतील सर्व हवा तासास अंदाजें पांच वेळां बदलते. भिंतीच्या पायथ्याजवळ जाळीचीं भोंकें ठेवलीं, तर उंचीचें अंतर वाढून ओघ दीडपट होतो. परंतु तीं गाईच्या अंगाशीं थंड झोत येणार नाहीं, अशा जागीं असावीं. बाहेर वारा सुटला म्हणजे याहून किती तरी अधिक हवा खेळते.

आढ्यास हात लावण्यापूर्वीं

काम दिवाळीनंतर सुरू करावें आणि वैशाखाच्या आंत संपवावें. वळवाच्या पावसानें उघड्या आढ्यावर गांठलें, तर माळ्यावरील वैरणीचा सत्यानाश होतो.

छप्पर सिमेंटच्या पन्हाळी पत्र्यांचें असेल, तर विशेष सावध राहावें. हे पत्रे जुने झाले म्हणजे ठिसूळ होतात व त्यांवर पाय दिल्यास माणूस सरळ खालीं येतो. त्यांत अस्बेस्टस असल्यास कापतांना उडणारी धूळ फुप्फुसांस अत्यंत घातक असते. असे पत्रे कापूं नयेत; आढ्यालगतचे पूर्ण काढून तेथें लोखंडी पत्रे घालावे. कोणत्याही छपरावर फळ्या आंथरून, कमरेस दोर बांधूनच चढावें.

घुमटीची जागा शक्यतों आढ्याच्या मध्यावर व कैचीलगत निवडावी. लांकूड, पत्रा व टोपी मिळून तिचें वजन शंभर किलोंच्या आसपास जातें. तें दोन कैच्यांच्या मध्येंच लोंबकळत ठेवूं नये. आणि सर्वांत महत्त्वाची गोष्ट ही कीं, आढें कापूं नये. आढें म्हणजे छपराचा कणा. त्यास जागच्या जागीं राहूं द्यावें व त्याच्या दोन्ही अंगांचे पत्रे अथवा कौलें मात्र काढावीं. हवा आढ्याच्या दोहों बाजूंनीं वर जाईल. कौलारू छपरांत एखादा वासा कापणें भागच पडलें, तर कापलेलें टोंक शेजारच्या दोन सबंध वाशांवर टेकलेल्या आडव्या लांकडास जोडून द्यावें. पत्र्याच्या छपरांत कापलेल्या कडेखालीं आडवी पट्टी किंवा कैचीवरील आडवें लोखंड आहे ना, हें पाहावें. नसल्यास प्रथम तें बसवावें, मग पत्रा कापावा.

बैठक

घुमटी तीन भागांत जमिनीवर तयार करावी: बैठक, पेटी आणि टोपी. छपरावर बसून करवत चालविण्यांत वेळही जातो व मापही चुकतें.

बैठकीची मख्खी छपराच्या उतारांत आहे. पाणसळ आडवी धरून एक फूट अंतरांत पाखें किती इंच उतरतें, तें मोजावें. आपल्या उदाहरणांत आठ फुटांस चार फूट, म्हणजे फुटास सहा इंच उतार आहे. बैठकीच्या ज्या दोन फळ्या आढ्यास आडव्या येतात, त्यांच्या खालच्या अंगास या उताराची खांच पाडावयाची. येथें माप गळ्याचें न घेतां बाहेरून बाहेर घ्यावें. गळा छत्तीस इंच व फळी दीड इंच जाड असल्यास बाहेरचें माप एकुणचाळीस इंच होतें. त्याचें अर्धें साडेएकोणीस. म्हणून खांचेची उंची मध्यावर पावणेदहा इंच येते. आमच्या मिस्त्रींनीं प्रथम गळ्याचें माप धरून नऊ इंच खांच पाडली. परिणामीं बैठक आढ्यावर टेकली, पण चारी कोपरे पत्र्यापासून पाऊण इंच उचललेले राहिले. पाऊण इंचाची फट पाण्यास दरवाजासारखी असते. म्हणून लांकडास करवत लावण्यापूर्वीं जाड पुठ्ठ्याचा नमुना कापून तो छपरावर ठेवून पाहावा.

फळी निदान अठरा इंच उंच घ्यावी, म्हणजे बैठकीचा माथा आढ्याच्या वर आठ-नऊ इंच राहतो व पत्र्यावरून उसळणारें पाणी झिलमिल्यांपर्यंत पोहोंचत नाहीं. आढ्यापासून प्रत्येक पाख्यावर आडव्या मापानें अठरा इंच, म्हणजे उतारावरून सुमारें वीस इंच, इतकेंच भोंक पाडावें. बैठकीची फळी भोंकाबाहेर सबंध छपरावर टेकली पाहिजे.

पेटी व झिलमिल्या

पेटीस तीन इंची चार खांब व वरखालीं दोन इंची चौकट करावी. पेटीची उंची दोन फूट पुरे. झिलमिलीच्या फळ्या चार इंच रुंद, अर्धा इंच जाड, पंचेचाळीस अंशांत बाहेरच्या अंगास उतरत्या, आणि दर अडीच इंचांवर एक अशा बसवाव्या. अशा रचनेंत निम्मी जागा हवेस मोकळी राहते, व चारी बाजू मिळून नऊ चौरस फुटांची वाट मिळते, म्हणजे गळ्याइतकीच. फळ्या याहून विरळ ठेवल्या तर पाऊस आंत येतो, दाट ठेवल्या तर हवा कोंडते. पारख सोपी आहे: घुमटीसमोर डोळे त्याच पातळीवर आणून पाहिलें असतां पलीकडील आकाश दिसतां कामा नये.

आंतून अर्धा इंची छिद्रांची तारेची जाळी लावावी. नाहीं तर पारवे व वटवाघळें वर्षभरांत घुमटी ताब्यांत घेतात. याहून बारीक जाळी धुळीनें व कोळिष्टकांनीं बुजून जाते. कोंकणांत व घाटमाथ्यावर नैर्ऋत्येचा पाऊस आडवा मारतो. तेथें पश्चिम व दक्षिण या दोन अंगांस आंतून बिजागरीची झडप बसवून तिचा दोर गव्हाणीजवळ आणून ठेवावा. वादळी झडीच्या दिवसांत त्या दोन बाजू मिटाव्या, उरलेल्या दोन उघड्या ठेवाव्या. चारी बाजू कधींही मिटूं नयेत. कारण ज्या दिवसांत दार-खिडक्या बंद असतात, त्याच दिवसांत घुमटीची खरी गरज असते.

टोपी चौपाखी पत्र्याची करावी व ती पेटीच्या बाहेर चारी अंगांनीं निदान नऊ इंच काढावी. आमची दुसरी चूक टोपीची होती; डौल दिसावा म्हणून ती तीनच इंच बाहेर ठेवली होती. पहिल्याच मृगांत झिलमिल्यांच्या वरच्या दोन फळ्यांमधून पाणी आलें व माळ्यावरील कडब्याच्या पेंढ्या काळ्या पडल्या.

पाण्याचा बंदोबस्त

घुमटीवर आक्षेप घेणारे म्हणतात, "चांगल्या छपरास भोंक कशाला पाडावें? गळूं लागेल." आक्षेप खोटा नाहीं. गळणाऱ्या घुमट्या पुष्कळ असतात. परंतु त्या भोंकामुळें गळत नाहींत, सांधा डांबर किंवा सिमेंट यांवर सोंपविल्यामुळें गळतात. पत्रा उन्हानें ताणतो व रात्रीं आकसतो. डांबराला व सिमेंटला भेगा पडतात. पाण्यास अडविण्यापेक्षां त्यास उतरण्याची वाट दाखवावी, हा छपराच्या कामांतील मूलमंत्र होय.

त्यासाठीं जस्ती पत्र्याच्या काटकोनी पट्ट्या वाकवून घ्याव्या. एक बाजू बैठकीच्या फळीवर निदान सहा इंच चढावी व दुसरी छपरावर पसरावी. वळचणीकडील पट्टी छपराच्या पत्र्यावर सहा इंच यावी. दोन्ही कडांच्या पट्ट्या पत्र्याच्या किमान दोन पन्हाळ्या झांकाव्या. आढ्यावरील टोपण-पत्रा बैठकीजवळ संपतो तेथें त्याचें टोंक वर वळवून, त्यावरून पट्टी उतरवावी. प्रत्येक ठिकाणीं वरचा पत्रा खालच्यावर यावा, खालीं जाऊं नये. मग बैठकीवर चढलेल्या पट्ट्यांच्या माथ्यावरून पेटीची एक आडवी फळी खालीं उतरवावी, म्हणजे सांधा उघडा राहत नाहीं. पट्टीस खिळा एकाच अंगास मारावा. दोन्हीकडे ठोकल्यास उन्हानें ती फुगते व फाटते. छपरावरील खिळे व बोल्ट पन्हाळीच्या उंचवट्यावर, वायसर घालून मारावे. खोलगट भागांत मारलेला प्रत्येक खिळा पुढें गळतो.

मंगळुरी कौलांवर जस्ती पत्रा नीट बसत नाहीं. तेथें शिशाचा किंवा मऊ अल्युमिनियमचा पत्रा घेऊन तो लांकडी हातोडीनें कौलांच्या वळणावर दाबून बसवावा. १८६५ सालीं मंगळूर येथें बासेल मिशननें यंत्रावर अशीं कौलें पाडावयास सुरुवात केली, तेव्हांपासून हीं कौलें आपल्या किनाऱ्यावर सर्वत्र आहेत. त्यांची मोठी सोय ही कीं, एखादें काढून पुन्हां जागच्या जागीं बसवितां येतें. म्हणून कौलारू गोठ्यांत प्रथम कौलें उतरवावीं, फुटकीं बदलावीं, आणि मगच घुमटी चढवावी.

वाऱ्याचा बंदोबस्त

ताशीं १०० किलोमीटर वेगाचा वारा दर चौरस मीटर सपाट जागेवर सुमारें ४७ किलोंचा दाब आणतो, आणि वेग दुप्पट झाला तर दाब चौपट होतो. ३ जून २०२० रोजीं निसर्ग चक्रीवादळ रायगडच्या किनाऱ्यावर आलें, तेव्हां छपरें कशीं उडतात हें कोंकणानें पाहिलें आहे. आढें हें छपराचें सर्वांत उघडें ठिकाण. तेथें वारा नुसता ढकलत नाहीं, वर उचलतोही. म्हणून घुमटी खिळ्यांवर ठेवूं नये. बैठकीच्या चारी कोपऱ्यांपासून लोखंडी पट्ट्या खालीं आणून त्या कैचीस किंवा वाशांस आरपार बोल्टांनीं आवळाव्या, आणि पेटी बैठकीस व टोपी पेटीस अशाच बोल्टांनीं जोडावी. दर वर्षीं अक्षय तृतीयेच्या सुमारास हे बोल्ट एकदां आवळून घ्यावे.

माथ्यावर वातकुक्कुट बसविण्याची हौस असेल तर ती पुरी करण्यास हरकत नाहीं. वाऱ्याची दिशा कळते व मुलांस आनंद होतो. पण तो लोखंडी गज म्हणजे विजेपासून रक्षण करणारी तार नव्हे. जाड तारेनें जमिनीपर्यंत नीट जोडल्यावांचून त्यावर भरंवसा ठेवूं नये.

माळ्यावर वैरण असल्यास

गाईंच्या वरच्या माळ्यावर कडबा वा गवत ठेवण्याची पद्धत असल्यास, गोठ्यांतील ओली हवा त्या वैरणींतून घुमटीकडे जाऊं देऊं नये. ती वैरणीस बुरशी आणील. माळ्यास चौकोनी भोंक ठेवून तेथपासून घुमटीच्या गळ्यापर्यंत फळ्यांचा नळ करावा. नळाभोंवतीं वैरण रचावी, नळाच्या तोंडावर कधींही रचूं नये. आणि घुमटी आहे म्हणून ओलें गवत भरण्याचें धाडस करूं नये. गवत मुठींत पिळून ओलावा लागत असेल, तर तें बाहेरच वाळवावें. पेटलेल्या गंजीस घुमटी विझवीत नाहीं, उलट तिचा ओघ ज्वाळेस हवा देतो.

परीक्षा

काम झाल्यावर पहाटे, वारा पडलेला असतांना, गोठ्याच्या मध्यभागीं उदबत्तीचा जुडगा किंवा धूप धरावा. धूर सरळ घुमटीकडे गेला, तर काम साधलें. तो छपराखालीं पसरून घुटमळला, तर खालच्या वाटा अपुऱ्या आहेत. घुमटींतून धूर उलट खालीं आला, तर एखादें मोठें दार वाऱ्याच्या तोंडाशीं उघडें आहे किंवा झिलमिल्यांची एक बाजू बुजली आहे, असें समजावें. दुसरी परीक्षा पत्र्याची: पहाटे खालच्या अंगास पूर्वीसारखे थेंब लोंबतां कामा नयेत. तिसरी परीक्षा नाकाची, आणि ती आपल्या उंचीवर घेऊं नये. वासराजवळ उकिडवें बसून दोन मिनिटें श्वास घ्यावा. डोळे चुरचुरले तर अजून काम बाकी आहे.

घुमटीनें काय होत नाहीं

घुमटीकडून भलत्या अपेक्षा ठेवूं नयेत. वैशाखाच्या उन्हानें तापलेल्या पत्र्याची झळ ती थांबवीत नाहीं. त्यासाठीं पत्र्यावर चुना किंवा उसाच्या पाचटाचा थर हवा, व बाहेर झाडाची सावली हवी. ती शेण उचलीत नाहीं. मुताची नाली तुंबलेली असेल, तर अमोनिया सुटतच राहील. आजारी जनावरास ती औषधही नव्हे; खोकणारें वासरूं वेगळें बांधून पशुवैद्यास बोलवावेंच लागतें. ती फक्त एक काम करते: जी हवा गोठ्यांत राहूं नये, तिला बाहेरची वाट देते.

आमच्या गोठ्यावरील घुमटी सुधारून झाल्यावर पाठोपाठ पावसाळे गेले. पहाटे दार उघडतांना डोळे पुसावे लागत नाहींत. त्यानंतर वासरें अगदीं आजारी पडलींच नाहींत, असें आम्ही म्हणत नाहीं. पण कोंदट हवेनें वासरूं गेलें, असें म्हणण्याची वेळ पुन्हां आली नाहीं. ज्या गृहस्थांनीं देऊळ बांधतां काय म्हणून विचारलें होतें, त्यांनीं गेल्या माघांत आमच्या मिस्त्रींस बोलावून आपल्या गोठ्याचा उतार मोजून घेतला.

आमच्या शेतकरीबंधूंस एवढीच विनंति आहे कीं, येत्या पावसाळ्यापूर्वीं एका पहाटे त्यांनीं आपल्या गोठ्यांत उभें राहून वर पाहावें, आणि त्या पशुवैद्यांनीं आम्हांस विचारलेला प्रश्न स्वतःस विचारावा. उत्तर सांपडलें तर उत्तम. न सांपडलें, तर मिस्त्रींस बोलावण्यास दिवाळीपासून वैशाखापर्यंतचा काळ पुरेसा आहे.